चुकीची वाचलेली पाटी

माझी थोरली बहीण दुसरीपर्यंत शिकली. तिला तिसरीत घातलं त्याच वर्षी माझा जन्म झाला. आई-वडील वावरात गेल्यावर मला सांभाळायला घरी कुणीतरी हवं होतं, म्हणून आक्का शाळेतून घरी आली ती कायमचीच. पुढे मी शिकलो, इंग्रजीचा शिक्षक झालो, आणि तिच्या आयुष्यात जे काही कागदावर उतरलं ते तिला वाचून दाखवणं हे माझंच काम ठरून गेलं. डॉक्टरची चिठ्ठी, विजेचं बिल, लेकीच्या लग्नाची पत्रिका, मेहुण्यांच्या दुखण्याचे अहवाल, सगळं. म्हसावदला, तिच्या सासरी, कुणी कागद घेऊन आलं की ती आमच्या अहिराणीत म्हणे, "ठी दे. मन्हा भाऊ उना का वाची देस." माझा भाऊ येऊन वाचून देईल, या तिच्या बोलण्यात त्या वेळी जो अभिमान असे, तो मी कितीदा तरी दारात चपला काढताना ऐकला आहे.

हे आधी सांगून ठेवतो, कारण मी तिचा जो अपराध केला तो वाचण्यातच केला, आणि एकदा नव्हे, दोनदा केला.

पहिला अपराध वडील गेल्यानंतरच्या तिसऱ्या महिन्यातला. आई त्याआधीच गेली होती, वारस आम्ही दोघंच. नंदुरबारजवळच्या कोरीटच्या बाजूला आमचं गाव आणि गावाखाली वडिलांचं आठ एकर काळं वावर, एका विहिरीचं. आमच्याकडे बाप गेल्यावर बहिणीने भावाच्या नावे हक्कसोड करून द्यायची, ही इतकी अंगवळणी पडलेली रीत आहे की बहुतेक घरांत ती मागावीही लागत नाही. बहीण सही करते, भाऊ तिला साडी नेसवतो, आणि आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या सणाला, माहेरी येण्याची तिची वाट मोकळी राहते. जी सही करत नाही तिची वाट बुजते. हे कुणी तोंडाने बोलत नाही, पण लेकीबाळी ते जाणून असतात.

मी आक्काला मागू शकलो असतो. मागितलं नाही, कारण मागणं म्हणजे तिला नाही म्हणण्याची मोकळीक देणं, हे मला त्या वेळीही कळत होतं. नंदुरबारला निबंधक कार्यालयाबाहेर, निंबाच्या झाडाखाली बसणाऱ्या दस्तलेखकाने कागद तयार करून माझ्या हाती दिला आणि म्हणाला, "बाईंना एकदा वाचून दाखवा." मी आक्काला बाजूला नेलं. कागद उघडून धरला, आणि त्यातली एक ओळही न वाचता सांगितलं की वडिलांचं नाव कमी करून वारसांची नावं लावायची आहेत.

"मन्हं भी?" तिने विचारलं.

"हाव. तुन्हं भी," मी म्हणालो.

सही कुठे करायची ते मी बोट ठेवून दाखवलं. तिला स्वतःचं नाव तेवढं लिहिता येतं. तिने ते हळूहळू, पदराचा शेव दातांत धरून लिहिलं. आत साहेबांनी विचारलं, "राजीखुशीने देताय ना, ताई?" तिने माझ्याकडे पाहिलं, मी मान हलवली, मग तिनेही हलवली. परतताना मी तिला साडी घेतली. रंग तिने निवडला.

मला त्या चार एकरांची गरज नव्हती. माझी नोकरी होती. पुष्कळ दिवस मी स्वतःला सांगत राहिलो की वावर तुटू नये म्हणून केलं, वडिलांनी एकत्र राखलेलं एकत्र राहावं म्हणून केलं. आता त्या कारणाकडे पाहतो तेव्हा ते मला नीट इस्त्री केलेल्या सदऱ्यासारखं वाटतं. त्याच्या आत साधा लोभ होता.

पुढे मेहुण्यांचं दुखणं वाढलं. म्हसावदची त्यांची थोडकी जमीन त्या दुखण्यात गेली, आणि मग तेही गेले. आक्काला एकच मुलगी, ती सासरी. आक्का नंदुरबारला आली, एक खोली भाड्याने घेतली आणि मिरचीच्या पथारीवर जाऊ लागली. ज्यांनी पथारी पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगतो: शहराच्या कडेला मोकळ्या रानात लाल मिरची वाळत घालतात, नजर पोहोचेल तिथवर लाल, आणि तिच्या कडेकडेने बाया ओळीने बसून मिरचीचे देठ खुडत असतात. संध्याकाळी बोटांची आग होते. मी कॉलेजातून परतताना कधी तिच्या खोलीवर गेलो तर ती हात ताकात बुडवून बसलेली असे आणि मला म्हणे, "तूच पानी ली ले भाऊ, मन्हा हात तिखट शेतस."

त्याच सुमारास आक्काच्या जावयाचा फोन आला होता. "मामा, सातबाऱ्यावर आईचं नाव दिसत नाही." मी म्हणालो, "बघतो." त्यांनी पुन्हा विचारलं नाही. आक्काने तर एकदाही विचारलं नाही. दर आखाजीला मी तिला आणायला जायचो आणि ती यायची. म्हातारपणी टेकायला तिच्या हक्काची चार एकर माती आहे की नाही, एवढाच प्रश्न होता. त्याचं उत्तर मला ठाऊक होतं, तिलाही ठाऊक असावं असं मला वाटे, आणि आम्ही दोघं आंब्याच्या रसाच्या वाट्या समोर ठेवून पावसाच्या अंदाजाबद्दल बोलत असू.

दुसरा अपराध चार वर्षांपूर्वीच्या आखाजीचा.

कॉलेजात मी महिन्यातून एकदा विद्यार्थ्यांना जुना चित्रपट दाखवतो. आक्काला हे माहीत होतं. गावातल्या माहेरवाशिणींच्या घोळक्यात झोक्यावर बसून ती म्हणाली, "पोरेस्ले दखाडस, आम्हले कसाले नही दखाडस? आम्हीन काय पाप करं?" बाकीच्या हसल्या आणि मागेच लागल्या. मी कबूल झालो. खरं सांगायचं तर मला त्याचा आनंदच झाला.

मी एक मूकपट निवडला. परक्या देशातला, शंभर वर्षांपूर्वीचा, नव्याने वस्ती होत असलेल्या रानातला. लाकडी घरं, घोडे, धूळ, पुराची नदी. संवाद नसल्यामुळे भाषेची अडचण नाही, आणि अधूनमधून पडद्यावर येणाऱ्या इंग्रजी अक्षरांच्या पाट्या मी अहिराणीत सांगत जाईन, असा माझा विचार होता. चित्रपट मी बऱ्याच वर्षांपूर्वी पाहिलेला होता. त्यातलं घोड्यांचं पुरातून पार होणं मला लख्ख आठवत होतं. कथाही आठवत होती, पण अर्धीच: एक फौजदार असतो, त्याची बहीण असते, कसलातरी खटला असतो. उरलेली अर्धी कथा मी का विसरलो असेन, यावर मी नंतर पुष्कळ विचार केला आहे. माझा स्वतःच्या विसरण्यावर आता तितकासा विश्वास नाही.

आखाजीच्या दुसऱ्या दिवशी दुपारी कापसाच्या रिकाम्या गोदामात सगळे जमले. त्या दिवसांत गोदामात कापूस नसतो, आणि दारं लावली की भर दुपारीही आत अंधार होतो. पुढे बाया, मागे पुरुष, भिंतीला पांढरी चादर. आत उकाडा असा की पदरांनी वारा घेण्याचा आवाज शेवटपर्यंत थांबला नाही. कॉलेजातला प्रोजेक्टर मी स्वतः आणला होता, आणि त्याच्याजवळ खुर्ची टाकून पाट्या वाचायला बसलो होतो.

पहिली पाच मिनिटं कुणी काही बोललं नाही. मग माझ्या चुलत काकूचा आवाज आला. काकू पंचाहत्तरीच्या, आणि गावात त्यांच्या जिभेला सगळे वचकून असतात.

"मास्तर, तुन्हा मशीनना आवाज गया का?"

"नही काकू. हाऊ मुका पिच्चर शे. ते काय बोलतस ते मी सांगस ना."

"म्हंजे तू सांगशी तेच खरं का?"

सगळे हसले. मीही हसलो.

कथा अशी होती. एका नदीकाठी बापाने जंगल तोडून कुरण केलं. त्याला एक मुलगा, एक मुलगी. बाप पुरात जातो. मुलगा गावचा फौजदार होतो, छातीवर बिल्ला लावून हिंडतो. मुलगी कुरणावर राहते, गुरं राखते, घोड्यावर पुरुषासारखी बसते. तिला पाहून बायांना हुरूप आला. पडद्यावर ती वासराला पाण्यातून ओढून काढत होती तेव्हा मागून कुणीतरी ओरडलं, "धर, धर, सोडू नको!" काकूंना मात्र टोप्यांचा राग आला होता. "यास्नी टोपी झोपताना तरी निंघस का?" त्यांनी विचारलं, आणि दुसरी एकजण म्हणाली, "काकू, टक्कल व्हई खाले." मी पाट्या सांगत होतो आणि लोक ऐकत होते. घोडे पुरात उतरले तेव्हा पदरांचा वारा क्षणभर थांबला. मला वाटलं, यापेक्षा चांगली आखाजी आपल्या हातून कधी झाली नाही.

मग फौजदार भावाने बहिणीसमोर एक कागद ठेवला.

तिथे पाटी नव्हती. नुसतं चित्र होतं: कंदिलाचा उजेड, टेबल, कागद, भावाचा हात, आणि बहिणीने पेनाने केलेली फुली. पुढच्या चित्रात कुरणाला दुसऱ्याचं कुंपण पडत होतं आणि ती बाहेर उभी होती. मला काही सांगावंच लागलं नाही. आपल्याकडच्या कुठल्याही बाईला तो कागद कसला आहे हे कुणी सांगावं लागत नाही. माझ्या हातातला पाण्याचा पेला मी खाली ठेवला. पुढे काय आहे ते मला आठवू लागलं होतं.

त्या कागदाचा निवाडा करायला खेचरावर बसून न्यायाधीश आला. धान्याच्या कोठारात कचेरी भरली. फौजदार या नात्याने बहिणीला पुढे आणण्याचं काम भावाचंच होतं, आणि तो तिला दंडाला धरून घेऊन आला. न्यायाधीशाने विचारलं: हा कागद तू करून दिलास का? ही पाटी मी नीट वाचली. मग ती बाई बोलली. तिचे ओठ हलले, आणि पडद्यावर अक्षरं आली: माझ्या भावाने जिथे बोट ठेवलं, तिथे मी खूण केली.

आक्का दुसऱ्या ओळीत बसली होती. चादरीवरच्या उजेडात तिच्या केसांची कडा मला दिसत होती.

पाटी पडद्यावर जेमतेम सहा-सात सेकंद असते. तेवढ्या वेळात माझ्या मनात काय काय येऊन गेलं ते सांगता येणार नाही. एवढंच सांगतो की माझ्या तोंडून बाहेर आलं ते असं: "ती म्हनस, मी राजीखुशीमा दिधं."

नंतर माझ्या ध्यानात आलं की हे शब्दही माझे नव्हते. ते त्या हक्कसोडीच्या कागदातले होते.

पाटी गेली आणि बाईचा चेहरा आला. मूकपटातल्या नट-नट्या चेहऱ्याने बोलतात, हे मी वर्गात मुलांना किती वर्षं शिकवत आलो होतो! ती रडत नव्हती. ती भावाच्या हाताकडे पाहत होती. मग न्यायाधीश उठून उभा राहिला आणि त्याने भावावर बोट रोखलं. भावाचं तोंड उतरलं. त्याने छातीवरचा बिल्ला काढून टेबलावर ठेवला आणि ओंजळीत तोंड लपवलं.

गोदामात कुजबुज सुरू झाली. माझ्या एका खोट्या वाक्याने सगळी कथा उलटी करून टाकली होती, आणि चित्रं मात्र सरळ चालली होती.

"तिनी राजीखुशीमा दिधं," काकू मोठ्याने म्हणाल्या, "तं तो भाऊ रडस कसाले?"

"आनंदना आसू व्हतीन," कुणीतरी म्हणालं.

"आनंदमा कोनी फौजदारकी सोडस का? आन हाऊ म्हातारा जज कोनवर तडकना? मास्तर, तुन्हा पिच्चर बिघडना!"

मला ते निस्तरता येईना. न्यायाधीशाची पुढची पाटी आली: ज्याने वाचून दाखवायचं त्याने लपवलं, तर कागद कोरा आहे. मी म्हणालो, "जज म्हनस, भाऊनी बहीनले सांभाळाले पाहिजे." पुढची पाटी मी वाचलीच नाही, दिसत नाही म्हणून सांगितलं. मग कुंपण निघालं, बहीण परत कुरणावर आली, आणि ते का निघालं हे गोदामातल्या एकाही माणसाला कळलं नाही. लोक हसत, कुरकुरत, दारं उघडून उन्हात गेले. मागच्या पुरुषांपैकी एकजण जाता जाता माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "सर, घोडा मात्र बेस व्हतात."

आक्का मागे थांबली. तिने चादरीची दोन टोकं धरली, मी दोन धरली, आणि आम्ही घडी घालू लागलो. लहानपणी गोधड्यांच्या घड्या आम्ही अशाच घालत असू.

"भाऊ, त्या बाईनी काय सांगं व्हतं?"

"मी वाचं तेच."

"नही." ती चादर ताणून धरून उभी राहिली. "राजीखुशीवाली बाई अशी दखस का? ती त्याना हातकडे दखी ऱ्हायंती. माले अक्षरं येतस नही भाऊ, पन तोंड वाचता येस."

तिने उत्तराची वाट पाहिली नाही. घडी पूर्ण करून तिने ती माझ्या हातावर ठेवली आणि बाहेर पडली.

घरी परतल्यावर पत्नीने विचारलं, कसा झाला कार्यक्रम? मी म्हणालो, चांगला झाला. जेवताना आक्का माझ्या मुलीशी बोलत होती, हसत होती. ती रागावली असती तर मला सोपं गेलं असतं. मला आठवलं की मी तीन-चार वर्षांचा असताना ती मला कडेवर घेऊन पाण्याला जायची आणि वाटेत मी विचारेन त्या प्रत्येक वस्तूचं नाव सांगायची. तिने मला कधी चुकीचं नाव सांगितलं असेल असं मला वाटत नाही. माहीत नसेल तेव्हा ती म्हणे, "माले नही माहीत." एवढं साधं वाक्य मला त्या गोदामात सुचलं नव्हतं. मी नुसता गप्प बसलो असतो तरी त्या बाईच्या चेहऱ्याने आपलं काम केलं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आक्का पिशवी भरत होती. मी लॅपटॉप घेऊन तिच्यासमोर बसलो आणि म्हणालो, "आक्का, जरा बस." तो प्रसंग काढला. पाटी आली तिथे चित्र थांबवलं, आणि त्या ओळीतल्या एकेका शब्दावर बोट ठेवत तिला अर्थ सांगितला. मग न्यायाधीशाची पाटी सांगितली. मग मी न वाचलेलीही सांगितली. तिच्यात एवढंच होतं की कुरण बहिणीचं आहे.

तिने मान डोलावली. पटलं अशी नव्हे. ऐकते आहे अशी.

मग मी कपाट उघडून हक्कसोडीचा कागद काढला आणि पहिल्या ओळीपासून वाचायला लागलो. गट नंबर, चतुःसीमा, लिहून देणार, लिहून घेणार. कठीण शब्द आला की थांबून अहिराणीत सांगत होतो. "कोणत्याही दबावाखाली न येता" यापाशी मी थांबलो. तिने पाणी दिलं नाही, धीरही दिला नाही. शेवटी तिची सही होती. ती तिने स्वतःच वाचली.

"संपनं?" तिने विचारलं.

"संपनं."

ती म्हणाली, "माले जावाईनी सांगं व्हतं. नाव नही शे इतलं माहीत व्हतं. पन माले वाटे, तलाठीनी चूक शे. भाऊ दखी ऱ्हायना आसी. तू मांगं आसतं तं मी दी टाकं आसतं, भाऊ. हसीसन दिधं आसतं. तू मांगं नही."

मी म्हणालो, "आक्का, माफ कर."

"ते मंग दखसूत," माफीचं नंतर बघू अशा सुरात ती म्हणाली. "आते माले देवानं नही. मन्हं वावर माले दे."

मला वाटलं होतं की ती रडेल, किंवा राहू दे म्हणेल. आपल्या घरांतल्या बहिणी असंच म्हणतात, आणि त्या तसं म्हणतील या भरवशावर आपण क्षमा मागत असतो, हे मला त्या क्षणी लाज वाटावी इतकं स्पष्ट दिसलं. तिने पिशवीचा बंद बांधला. मी तिला एसटीपर्यंत सोडायला निघालो तर म्हणाली, "मी जास मन्ही."

पत्नीला सगळं सांगितलं तेव्हा तिने जे विचारलं ते गावातल्या कुणीही विचारलं असतं. "हिस्सा दिधा तं उद्या आखाजीले आक्काले कोन बलावी? लोकं काय म्हनतीन?"

"आपीनच बलावसूत," मी म्हणालो.

"आन ती नही उनी तं?"

तरीही पत्नीने आडकाठी घातली नाही. दोन दिवसांनी तीच म्हणाली की विहिरीकडचे चार एकर आक्काला द्या, वरचे नको; वरच्या तुकड्याला पाणी चढत नाही आणि तिथे देऊन आपण पुन्हा तोंड काळं करू. तिचं ते वाक्य मी उपकार म्हणून लक्षात ठेवलं आहे.

एकदा केलेली हक्कसोड मी म्हणतो म्हणून मागे फिरत नाही, असं दस्तलेखकाने सांगितलं. बक्षीसपत्र करावं लागेल. मृगाच्या आधी आम्ही पुन्हा त्याच कार्यालयात गेलो. कागद तयार झाल्यावर तो माझ्या हातात आला आणि सवयीने मी तो उघडला.

"तू नको वाचू, भाऊ," आक्का म्हणाली. "त्यास्ले वाचू दे."

दस्तलेखकाने माझ्याकडे पाहिलं. मी कागद त्याच्याकडे दिला. त्याने तो मोठ्याने, सगळ्या येणाऱ्या-जाणाऱ्यांना ऐकू जाईल असा वाचला. ती मध्येमध्ये थांबवून विचारत होती, "हाई कोनतं नाव? विहीर धरी का सोडी?" विहिरीतला अर्धा हिस्सा लिहिलेला आहे याची तिने दोनदा खात्री करून घेतली. मी दोन हात अंतरावर उभा होतो. मला लागलं, हे नाकारत नाही. पण तिथे उभं राहून ते लागू देणं हे माझं त्या दिवशीचं काम होतं, आणि ते तरी मी पुरं केलं.

जून उजाडताच आक्काने नंदुरबारची खोली सोडली. वावरातल्या जुन्या दोन खोल्यांवर पत्रे घातले आणि ती तिथे राहायला आली. पहिल्या वर्षी तिने कापूस लावला, थोडी भाजी केली. आमच्या घरी ती क्वचित यायची. आली तरी ओट्यावर बसायची, चहा घेऊन जायची. एखादा कागद वाचून घ्यायची वेळ आली तर तो घेऊन ती शाळेतल्या बाईंकडे जाई. मी तिला काही विचारत नसे. माफीचं "मंग दखसूत" तसंच राहिलं होतं.

गावातल्या दोन घरांत माझ्यावरून भांडणं झाली असं कानावर आलं. त्यांच्याही बहिणींनी विचारायला सुरुवात केली होती. एका भावाने मला रस्त्यात थांबवून सांगितलं, "सर, तुम्हीन आम्हनं घर बिघाडं." मी ऐकून घेतलं.

गेल्या पौषातली गोष्ट. विहिरीवर मोटार एक आणि शेतीला लाईट असते त्या वेळेप्रमाणे आमच्या पाळ्या ठरलेल्या: सकाळी माझी, अकरानंतर तिची. त्या दिवशी मी गव्हाला पाणी देत होतो. एक वाफा राहिला होता. अकरा वाजून गेले होते हे मला माहीत होतं, पण माझी मोटार, माझी विहीर ही जुनी सवय पायांत होती. मी कुदळ घेऊन तसाच पुढे गेलो.

"भाऊ!" बांधाच्या पलीकडून हाक आली. साडीचा काचा मारून, फावडं हातात घेऊन आक्का उभी होती. "अकरा वाजी गयात. पानी बंद कर!"

"हाई एकच वाफं ऱ्हायनं, आक्का. दहा मिन्टं."

"तुन्हं वाफं मन्हा पानीवर भरस का? कालदिन भी तसंच करं! मी काय मुकी शे का, म्हनस तू?"

"अवं, हरभरा काय पळी जाई ऱ्हायना का तुन्हा?"

"तुन्हा गहू पळी जाई ऱ्हायना का मंग?" तिचा आवाज रस्त्यापर्यंत गेला असावा, कारण रस्त्यावरून जाणाऱ्या दोघीजणी थांबून पाहू लागल्या. "पाव्हनी नही शे मी आठे आते! बंद कर म्हनस ना!"

एवढ्या वर्षांत ती माझ्यावर ओरडल्याचं मला आठवत नव्हतं. मीही तिच्याशी असं उलट बोललो नव्हतो. मला राग आला होता, खरा राग, वाफा कोरडा राहिल्याचा. तो तसाच घेऊन मी विहिरीकडे गेलो, माझ्या बाजूचा व्हॉल्व्ह बंद केला आणि तिच्या बाजूचा उघडला. पाइपात पाणी चढल्याचा आवाज आला. ती पाठ फिरवून, अजून काहीतरी पुटपुटत, फावड्याने आपली पाण्याची सारणी मोकळी करायला लागली होती.